रेडीत रुदाकोव

खनिज भरायला आलेलं ते रशियन जहाज
तेरा दिवस खोल पाण्यात उभं होतं.
चौदाव्या रात्री खलाशांनी धक्क्यावर
दोन वल्ह्यांमध्ये चादर बांधली
आणि गावाला सिनेमा दाखवला.

भाषा कुणाला येणार?
म्हणून लोकांनी माझ्या बापाला पुढे केलं.
बाबल गवंडी. दशावतारात सत्तावीस वर्षं संकासुर.
दरसाल माउलीच्या जत्रेत वेद चोरायचा आणि मरायचा.
बाजारात त्याला बघून पोरं आयांच्या पदराआड जात,
उधारीचे तांदूळ मोजताना वाणीसुद्धा म्हणे,
"संकासुरा, लिवन ठेवतंय हां."

चादरीवर बर्फ पडत होता.
आम्हाला बर्फ माहीत तो सुरमईवर घालायच्या लादीपुरता.
त्या पांढऱ्यातून एक बारकासा माणूस
कंदील घेऊन चालला होता,
मागे बंदूकवाले.
बाप चादरीलगत उभा, अंगावर निम्मा उजेड.
म्हणाला, "ह्यो आपलो.
दुस्मनाक चुकीच्या वाटेन नेता."

पहाटे त्याच्याच माणसांनी त्याला गोळी घातली.
बाप थांबला.
यंत्राची खरखर तेवढी ऐकू येत होती.
मग हळू म्हणाला,
"तेंका म्हायत नाय होता.
तो म्हणता, आये, रडा नको.
कंदील तेवढो विझू देव नको."
गाबतिणी हमसून रडल्या.
खलाशी एकमेकांकडे बघत राहिले.

निघताना त्यातल्या एकाने बापाला पोस्टकार्ड दिलं.
त्याच माणसाचा फोटो,
खाली नाव, आम्हाला न लागणाऱ्या अक्षरांत.
घरी बाप जेवला नाही.
माडाच्या बुंध्याशी विडी ओढत
एवढंच बोलला, "सोंग चांगला वठयल्यान."

बाप गेला.
पोस्टकार्ड त्याच्या तसबिरीच्या चौकटीत खोचलेलं राहिलं
आणि मागच्या दोन खोल्या मी पर्यटकांना देऊ लागले.

गेल्या माघात अरंबोलहून तमारा आली,
सत्तरीची, गुडघ्याने अधू.
सोलकढीचा पेला हातात तसाच धरून
चौकटीसमोर थबकली.
"रुदाकोव?"

मग तिच्या फोनमधली कोरडी बाई मराठीत बोलू लागली:
वेन्यामिन रुदाकोव. व्होल्गाकाठचा, न्हाव्याचा मुलगा.
एकेचाळीस सिनेमे, चौतिसांत मेला.
फितूर, हेर, धान्य दडवणारा जमीनदार.
ट्राममध्ये तो शेजारी बसला की बायका उठत.
एका पोराने त्याचा हात चावला होता.
स्टुडिओला त्याने पत्र लिहिलं,
एकदा तरी मला डॉक्टर करा.
केला. दातांचा.
तो प्रसंग कापला गेला.
शेवटी रेडिओवर मुलांना गोष्टी वाचायचा,
तिथे तोंड दिसत नाही.
घरोघरी पोरं त्या आवाजावर झोपली,
आयांना पत्ता नव्हता.

आणि कंदीलवाला?
तमारा हसली. तो तर सगळ्यांत नीच.
शत्रूला थेट झोपडीच्या दारात नेतो, अकरा जण मरतात.
शाळेत दरवर्षी आम्हाला दाखवत.

मी बापाकडे बघितलं.
सत्तावीस वर्षं जत्रेत मेलेला माणूस,
त्याला कळलं नसेल?
त्या खांदे आत ओढून चालण्यावरून,
एकदाही मागे न बघण्यावरून?

तिला मी बापाने सांगितलेली गोष्ट सांगितली,
त्याच्याच मालवणीत.
फोनमधली बाई अडखळली,
पुन्हा बोला म्हणाली,
मग रशियनमध्ये एकच शब्द काढला.
कंदील असावा.
तमाराने तो दोनदा ऐकला.

रुदा म्हणजे खनिज, हे तिने जाताना सांगितलं,
फोन पिशवीत घातल्यावर,
धक्क्याच्या तांबड्या मातीकडे बोट करून,
मग चिमूटभर माती माझ्या तळहातावर ठेवून.

रिक्षा वळल्यावर लक्षात आलं,
सोलकढीचे पैसे लावायचे राहिले.
आतून कुणीतरी म्हणाल्यासारखं वाटलं,
लिवन ठेवतंय हां.